गावभागातल्या बंद घराला पूर्ण घरपट्टी का?

गावभागकर:
सांगलीत गावभागात आमचं वडिलोपार्जित घर आहे. २०१९ च्या ऑगस्टपासून बंद. त्या पुरात आयर्विन पुलापाशी कृष्णेने ५७ फूट ओलांडले होते, धोक्याची पातळी ४५. माडीच्या जिन्याच्या आठव्या पायरीवर गाळाची रेघ अजून तशीच आहे, पुसूनही जात नाही. २०२१ ला पाणी परत आलं. दोन पूर खाऊन मातीच्या भिंती उभ्या आहेत हेच खूप, तिथे कुणाला राहायला ठेवायचं धाडस होत नाही. निळ्या पूररेषेत, म्हणजे वारंवार पुराच्या पट्ट्यात, जुनं घर पाडून बांधायचं तर लाल, म्हणजे मोठ्या पुराच्या रेषेच्याही वर उचलून बांधा म्हणतात. तेवढा पैसा आमच्याकडे नाही. नळ तोडून घेतलाय, मीटर काढलाय. तरी घरपट्टी पूर्ण, वर शिक्षण उपकर, आणि थकली की महिन्याला २ टक्के शास्ती. ज्या घरातून बादलीभर सांडपाणीसुद्धा गटारात जात नाही, त्याला निम्मी घरपट्टी तरी करा.

सामाईक भिंत:
दादा, तुमचं दुःख खरं आहे. पण मी अशाच एका बंद घराला लागून राहते. भिंत सामाईक. पलीकडचे पत्रे उडून चार पावसाळे झाले. पाणी भिंतीत मुरतं आणि माझ्या देवघराचा गिलावा दर श्रावणात सुटतो. यंदा तर देवांचे फोटो उतरवून खाली ठेवले. खिडकीच्या चौकटीत पिंपळ रुजलाय, त्याची मुळं आता आमच्या बाजूने दिसायला लागलीत. डेंगीच्या दिवसांत आरोग्य खात्याच्या आशाताई आमचा रांजण, फ्रिजमागचा ट्रे सगळं तपासतात आणि त्या दाराशी येऊन थांबतात, कारण कुलूप. मालक पुण्याला. त्यांची पट्टी निम्मी झाली तर ते पत्रे बसवायला येतील? उलट घर बंद ठेवणं स्वस्त पडेल.

विश्रामबाग भाड्याने:
सहमत. सांगलीतल्याच विश्रामबागेत आमच्या बिल्डिंगमध्ये संध्याकाळी निम्म्या खिडक्यांत अंधार असतो. सगळे गुंतवणुकीचे फ्लॅट. मी इथे दर ११ महिन्यांनी सामान हलवतोय. 'रिकामं' एवढ्या एकाच कारणावर सवलत दिली तर ती आधी हेच लोक घेणार.

पेठेतला मालक:
भाड्याने द्या म्हणणं सोपं आहे. आमच्या दुकानात आजोबांच्या वेळचा भाडेकरू आहे. भाडं इतकं किरकोळ की पट्टीसुद्धा सुटत नाही. एकदा पोळल्यावर माणूस दुसरा गाळा कुलूपबंदच ठेवतो.

विश्रामबाग भाड्याने:
भाडेकरू निघतच नाही ही भीती १९४७ च्या भाडे कायद्यातली आहे. १९९९ च्या कायद्याखाली लिव्ह अँड लायसन्सचा करार लेखी करून नोंदवला, तर मुदत संपल्यावर जागा सोडावीच लागते. मी स्वतः दोनदा सोडली आहे.

जुना करदाता:
मुद्दा थोडा चुकतोय. भाडेमूल्याच्या पद्धतीत घरपट्टी प्रत्यक्ष भाड्यावर नसते. त्या जागेला वर्षाला वाजवी भाडं किती येऊ शकेल ते धरतात, दुरुस्तीसाठी १० टक्के वजा करतात, राहिलं ते करपात्र मूल्य. विश्रामबागेतल्या बंद फ्लॅटला उद्या भाडेकरू मिळेल, म्हणून त्याला पूर्ण पट्टी योग्यच आहे. गावभागकरांच्या घराला मात्र कुणी शंभर रुपयेही देणार नाही. त्यांनी सवलत मागत बसू नये, मूल्य कमी करून मागावं. ते त्यांच्या हक्काचं आहे. आणि महानगरपालिका कायद्याच्या कराधान नियमांत रिकाम्या मिळकतीच्या परताव्याची तरतूदही आहे, पण त्यासाठी मिळकत रिकामी असल्याचं लेखी कळवावं लागतं. तुम्ही दिलं होतंत का पत्र?

गावभागकर:
नाही दिलं. पुरानंतर आईला घेऊन मिरजेला आलो, डोक्यात तेव्हा फक्त औषधं आणि गाद्या होत्या. पूरपट्ट्यातल्या माणसाने चिखल उपसायचा की अर्ज करायचा? पंचनामे तर घरोघरी झाले होते. कुठलं घर राहण्याजोगं उरलं नाही ते त्यात लिहिलेलं असतं. त्यावरूनच पट्टी कमी व्हायला हवी. फ्लॅट अडवून ठेवणाऱ्यांना देऊ नका, माझी हरकत नाही.

सामाईक भिंत:
पंचनाम्यावरून सवलत देणार असतील तर त्या मागणीवर मीही सही करीन. पण दर पावसाळ्याआधी छप्पर आणि सामाईक भिंत नीट केल्याचं दाखवल्यावरच. एवढी अट हवीच.

गावभागकर:
अट मान्य. आमच्या मागच्या बाजूलाही एक कुटुंब राहतं. त्यांच्या भिंतीचं काय झालंय हे मी पाच वर्षांत विचारलेलं नाही. रविवारी गवंड्याला घेऊन जातो.