मदत हवी आहे : वाड्यातील कोरड्या हौदात ध्वनिरचना मांडण्याबाबत

नमस्कार. नानासाहेब पेशव्यांच्या काळात, 18व्या शतकाच्या मध्यात, कात्रजच्या तलावाचे पाणी केवळ उताराच्या बळावर जमिनीखालच्या दगडी नळांतून पुण्याच्या पेठांतील हौदांपर्यंत खेळवले गेले, आणि या मार्गावर हवा बाहेर पडण्यासाठी उच्छ्वास बांधले गेले. काळा हौद, फडके हौद ही नावे आजही पत्त्यांत टिकून आहेत. पाणी मात्र स्मरणातूनही आटले आहे.

अशाच एका खासगी वाड्याच्या तळातील कोरड्या हौदात मला वाहत्या पाण्याचा आवाज पुन्हा ऐकवायचा आहे. प्रेक्षक वर चौकातच थांबतील, खाली फक्त ध्वनिक्षेपक असतील. मालकांची लेखी संमती मिळाली आहे.

अडचण अशी, की भिंतींचा चुन्याचा गिलावा ओलसर असून त्यात एकही खिळा ठोकायचा नाही, असे मी स्वतःच ठरवले आहे. मग ध्वनिक्षेपक कशाच्या आधारे ठेवावेत आणि दमटपणापासून कसे वाचवावेत? दुसरा प्रश्न अधिक गंभीर आहे. शेजारून सांडपाण्याची वाहिनी जाते. आत कंदील सोडून पाहण्याची जुनी रीत मला ठाऊक आहे, पण कंदील फार तर प्राणवायूची कमतरता दाखवतो, विषारी वायू ओळखत नाही, आणि ज्वलनशील वायू असल्यास तोच घातक ठरतो. तेव्हा उतरण्यापूर्वी वायुमापक यंत्राने तपासणी करून देणारी जाणकार व्यक्ती पुण्यात कोठे मिळेल, हे कोणी अनुभवाने सांगू शकेल का?