हात नाही, तरी मूठ दुखते. मामांना काय सांगू?

सातपूरकर:
मंडळी, गेल्या पावसाळ्यात मामांचा डावा हात पॉवर प्रेसमध्ये सापडला, कोपराखाली काढावा लागला. जखम छान भरली. पण रात्री उठून बसतात, म्हणतात मूठ आवळलीय, नखं तळव्यात रुततायत. घरात कुजबुज चालते की डोक्यावर परिणाम झालाय. आजी नारळ ओवाळून टाकते. आता मामा काही सांगतच नाहीत. हे नेमकं काय आहे?

फिजिओताई, नाशिकरोड:
आधी मामांजवळ बसा आणि सांगा की तुमचं दुखणं खरं आहे. याला फॅन्टम पेन म्हणतात, हात-पाय गमावलेल्या पुष्कळ लोकांना होतं.

हात गेला तरी मेंदूत हाताची जागा तशीच असते. डॉ. व्ही. एस. रामचंद्रन यांनी हे फार सोप्या रीतीने दाखवलं. मद्रासच्या स्टॅनली मेडिकल कॉलेजचे विद्यार्थी, पुढे अमेरिकेत सॅन डिएगोला प्राध्यापक. हात गमावलेल्या एका मुलाचे डोळे बांधून त्यांनी त्याच्या गालाला कापसाची काडी लावली. तो म्हणाला, नसलेल्या अंगठ्याला लागतंय! मेंदूच्या नकाशात चेहरा हाताच्या शेजारीच आहे. हातातून निरोप येणं थांबलं की शेजारचे निरोप त्या जागेत शिरतात, असं त्यांचं म्हणणं.

मुठीचं त्यांचं स्पष्टीकरण असं: मेंदू 'आवळ' म्हणतो, पण 'आवळली, आता पुरे' हे कळवायला हातच नसतो. म्हणून 1990च्या दशकात त्यांनी खोक्यात उभा आरसा बसवला. धड हात आरशासमोर, थोटा हात मागे. धड मूठ हळूहळू उघडली की आरशात गेलेला हात उघडताना दिसतो. काहींची आवळलेली मूठ तिथेच सुटली. सगळ्यांना गुण येतो असं नाही. काहींना गरगरतं, म्हणून पहिल्यांदा फिजिओसमोरच करा. मला या माणसाबद्दल अतोनात आदर आहे. त्यांनी रुग्णाचं म्हणणं खरं मानलं, आणि आरसा तर कुणालाही परवडतो.

पंचवटी_काचकाम:
मेन रोडला कुठेही आरसा कापून मिळेल. दीड फूट बाय एक फूट पुरे. कडा घासून घ्या, नाहीतर मामांचा चांगला हात कापेल.

सातपूरकर:
ताई, मामांना सगळं वाचून दाखवलं. दोनदा म्हणाले, "म्हणजे मी वेडा नाही ना?" आजीही ऐकत होती. गालाला कापूस लावून पाहिला, बोटात काही जाणवलं नाही. आरशाचा उपयोग होईल का तरी?

फिजिओताई, नाशिकरोड:
कापसाचं सगळ्यांना जाणवत नाही, त्यावरून आरशाचं ठरत नाही. सर्जनांना विचारून घ्या, दुखण्याच्या गोळ्या मनाने बंद करू नका. रोज थोडा वेळ, शांतपणे. दुखणं वाढलं तर लगेच थांबा.

सातपूरकर:
उजव्या हातात अंगठी आणि घड्याळ असतं. चालेल?

फिजिओताई, नाशिकरोड:
दोन्ही काढा. मनगटात दोरा असेल तर तोही. आरशातला हात त्यांना आपला डावाच वाटायला हवा.