आईला जाणून घ्यायचं नाहीये, तरी मुलीने टेस्ट करावी का?

रातवा: माझ्या मैत्रिणीचा प्रश्न आहे, वय 24. तिच्या आजोबांना, म्हणजे आईच्या वडिलांना, हंटिंग्टन होता, म्हणजे सदोष जीनमुळे होणारा मेंदूचा आजार, ज्यात हळूहळू हालचालींवरचा ताबा जातो. आईवडिलांपैकी एकाला असला तर प्रत्येक मुलात यायची शक्यता 50 टक्के, त्रास सहसा तिशी ते पन्नाशीच्या दरम्यान सुरू होतो आणि पूर्ण बरं करणारं औषध नाही. आईने ठाम सांगितलंय, मला कळून घ्यायचं नाही. आता गोची अशी की हिचा रिपोर्ट पॉझिटिव्ह आला तर जीन आईकडूनच आलेलं, म्हणजे आईचाही निकाल लागलाच. हिचं लग्न ठरतंय, दोघांना मुलं हवीयत. मला वाटतं तिने टेस्ट करावी, पुढचं आयुष्य तिला काढायचंय.

पिंपळपान: अजिबात पटलं नाही. आईला सांगणार नाही म्हणणं सोपं आहे हो, पण पोरगी रिपोर्ट घेऊन आली की आईला तिच्या तोंडाकडे बघूनच कळणार, मग त्या बाईने रोज हातातून कप निसटला तरी घाबरायचं का? आणि निगेटिव्ह आला तरी आई सुटली असं नाहीच, तिची शक्यता 50 वरून साधारण 33 टक्क्यांवर येते, बस.

सरळरेघ: आणि होणाऱ्या मुलांचं काय? त्यांना कोणी विचारलंय? आईच्या मनःशांतीसाठी मुलीने डोळे मिटून संसार करायचा हे मला तरी अन्यायाचं वाटतं.

पिंपळपान: मुलांसाठी टेस्ट लागतेच असं नाही. आयव्हीएफमध्ये, म्हणजे टेस्ट ट्यूब बेबीच्या पद्धतीत, गर्भ तपासून सदोष जीन नसलेलाच ठेवतात, आणि काही ठिकाणी आईबापाला त्यांचा स्वतःचा निकाल न सांगता हे करतात. मुलं सुरक्षित, आईचा शब्दही राहिला.

सरळरेघ: म्हणजे कदाचित जीन नसतानाही तिने इंजेक्शनं, प्रोसिजर, खर्च सगळं सोसायचं? कोणाच्या तरी न बघण्याची किंमत तिच्या शरीराने द्यायची, हे कसलं सुरक्षित.

रातवा: हेच मला म्हणायचं होतं. फक्त एक, टेस्टच्या आधी काउन्सेलिंग असतं तिथे तिने आईचा विषय काढावाच, आणि आईला आधी सांगावं की मी करतेय, गुपचूप नको.

पिंपळपान: सांगितलं की आईच्या हातात काय उरलं? नवऱ्याला मात्र लग्नाआधी सांगायलाच हवं, टेस्ट करो न करो. तिथे आपलं एकमत आहे. बाकी मी अजून आईच्याच बाजूने.