मदत हवी आहे : बॅक्युलाइट्स की ऑर्थोसेरस? आणि सुटणारे पापुद्रे कसे वाचवायचे?

सरळ कांडीसारख्या जीवाश्माचे (कप्पेदार कवचाचा नामशेष समुद्री प्राणी) तीन तुकडे आहेत, सर्वांत लांब ११ सेंमी. लेबलवर ‘ऑर्थोसेरस, पिअर शेल, साउथ डकोटा’ एवढंच आहे (पिअर शेल म्हणजे तिथला चिकणमातीचा थरदार खडक). दोन तुकड्यांवर नेच्याच्या पानासारखी नक्षी दिसते, तिसरा अगदी गुळगुळीत. वरच्या मोतिया थराचे पापुद्रे निघताहेत. चिकटलेली माती पाण्यात भिजवून काढू का? जोडायला इन्स्टंट ग्लू चालेल?

खडकवाचक : लेबल चुकलंय. पिअर शेल क्रिटेशियस काळाच्या उत्तरार्धातला (डायनोसॉरांचा शेवटचा काळ), ऑर्थोसेरस त्याहून खूप जुन्या ऑर्डोव्हिशियन काळातला. मध्ये ३५ कोटी वर्षांहून जास्त अंतर. शिवाय ऑर्थोसेरसच्या कप्प्यांच्या शिवणरेषा (कप्प्यांमधले पडदे कवचाला जुळतात त्या रेषा) साध्या गोल कड्यांसारख्या असतात आणि सायफंकलची नळी (सगळ्या कप्प्यांतून जाणारी) साधारण मध्यातून जाते. तुमच्याकडे शिवण नक्षीदार आहे, म्हणजे अमोनाइट (बॅक्युलाइट्स याच गटातला). तुटलेलं तोंड भिंगाखाली धरा: नळीचा ठिपका अगदी कडेला दिसला की बॅक्युलाइट्स म्हणायला हरकत नाही. गुळगुळीत तुकडा बहुधा प्राण्याच्या राहत्या कप्प्याचा. तिथे पडदे नसतात, मग शिवण कुठून येणार?

प्रजातीच्या मागे लागू नका. कॉम्प्रेसस, क्युनिएटस, रीसाइडी या बॅक्युलाइट्सच्या प्रजाती एकामागून एक थरांत येतात आणि आडव्या छेदाचा आकार, बाजूचे वरंबे, शिवणीची गुंतागुंत यांवरून वेगळ्या करतात. थराची नोंद नसताना ‘बॅक्युलाइट्स, प्रजाती अनिश्चित’ हेच प्रामाणिक लेबल.

शिंपला_७२ : पाणी अजिबात नको. शेलमधली चिकणमाती फुगते आणि थर उचलते. व्हिनेगर तर त्याहून वाईट, मोतिया थर ॲरागोनाइटचा (चुन्याच्या खनिजाचा) असतो, तो विरघळतो. कोरडा मऊ ब्रश आणि भिंगाखाली सुई, बस.

मग पॅरालॉइड बी-७२ (ॲसिटोनमध्ये विरघळणारी ॲक्रिलिक राळ, दाण्यांच्या रूपात मिळते). काचेच्या बरणीत १०० मिली ॲसिटोनला ५ ग्रॅम. दाणे मलमलच्या पुरचुंडीत बांधून रात्रभर लटकवा, नाहीतर तळाशी गोळा होतो. ड्रॉपरने पापुद्र्याच्या कडेला एकेक थेंब सोडा, फटीत आपोआप ओढला जातो. सुरुवातीलाच घट्ट द्रावण लावलं तर ते वरच राहतं, सुकताना आकसतं आणि पापुद्रा आणखी उचलतं. खिडक्या उघड्या, ज्योत लांब.

इन्स्टंट ग्लू नको, चुकलं तर सोडवणं अवघड. जोडायला १०० मिलीला ४०–५० ग्रॅमचं घट्ट द्रावण करा. तुकडे पडद्याशीच तुटलेले असतील तर पडद्याच्या घड्या एकमेकींत बसतात. आधी कोरडेच जुळवून बघा. जुळले की दोन्ही तोंडांना पातळ द्रावण द्या, ते सुकलं की घट्ट लावा आणि वाळूच्या ट्रेमध्ये उभे रोवा, वजन सरळ सांध्यावर यायला हवं. २४ तास हलवू नका.

धागाकर्ता : नळी कडेलाच निघाली! पातळ द्रावण एका तुकड्यावर लावलं, पण पांढरट साय आली.

शिंपला_७२ : हवा दमट आहे. ॲसिटोन झपाट्याने उडतो, पृष्ठभाग गार पडतो आणि ओल धरतो. कोरड्या दिवशी ड्रॉपरने नुसतं ॲसिटोन सोडा (ब्रश फिरवू नका, पापुद्रे सरकतील) आणि वर बरणी उपडी घाला, म्हणजे सावकाश सुकेल.