मदत हवी आहे: फिल्ममधला उघड्या छातीचा सीन, सेन्सॉर आणि करारनामा

नमस्कार मंडळी, आम्ही सहा जण मिळून एक मराठी फिल्म करतोय, प्रोड्यूसर वगैरे कोणी नाही, पगारातून साठवलेले आणि मित्रांकडून घेतलेले पैसे आहेत. गोष्ट इचलकरंजीतल्या एका बाईची, ब्रेस्ट कॅन्सरच्या ऑपरेशनमध्ये एक बाजू काढलेली. पट्टी निघाल्यावर ती पहिल्यांदा आरशात स्वतःला बघते, दीड मिनिटाचा शॉट, डायलॉग नाही, म्युझिक नाही, बाहेरून नुसता यंत्रमागांचा आवाज. ज्या ताई काम करतायत त्या स्वतः या ऑपरेशनमधून गेल्यात, सीन त्यांनीच सुचवला. म्हणाल्या, झाकून दाखवणार असाल तर दाखवूच नका.

आता सेन्सॉरचं. आम्ही 'ए' सर्टिफिकेट धरूनच चाललोय, पण 'ए' म्हणजे टीव्हीवर नाही, म्हणजे सॅटेलाइटचे, चॅनेलला हक्क विकून मिळणारे, पैसे गेले. 2023 च्या दुरुस्तीनंतर टीव्हीसाठी वेगळं सर्टिफिकेट मिळतं, तर थिएटरला अख्खी फिल्म आणि टीव्हीला वेगळी कॉपी असं कोणी केलंय का? आणि बोर्डाने कट सांगितलाच तर रिव्हायझिंग कमिटीनंतर (बोर्डाचीच फेरतपासणी समिती) काय, पूर्वी अपिलाला ट्रिब्युनल होतं ते 2021 ला बंद झालं, आता थेट हायकोर्ट, तो खर्च आमच्यासारख्यांना झेपतो का? 'बँडिट क्वीन'च्या केसमध्ये सुप्रीम कोर्टाने 1996 लाच सांगितलंय की नग्नता म्हणजे अश्लीलता नव्हे, ते अर्जासोबत जोडलं तर कमिटी बघते का?

फेस्टिव्हलला मंत्रालयाकडून सेन्सॉर सर्टिफिकेटमधून सूट मिळते हे माहितीये, पण 2017 ला 'न्यूड' ही मराठी फिल्म गोव्याच्या इफ्फी फेस्टिव्हलमधून ऐनवेळी काढली गेली आणि नंतर तीच फिल्म एकही कट न लागता 'ए' घेऊन पास झाली, त्यामुळे फक्त फेस्टिव्हलच्या भरवशावर राहायचं नाहीये.

पण खरं सांगायचं तर मला सेन्सॉरपेक्षा दुसरीच काळजी जास्त आहे. तो दीड मिनिट कोणी कापून व्हॉट्सॲपवर फिरवला तर? आयटी ॲक्टचं कलम 67 (अश्लील मजकूर ऑनलाइन पसरवणं गुन्हा) आहे, पण ते क्लिप फिरल्यावर, आणि ताईंची मुलगी कॉलेजात आहे. सेटवर चारच माणसं, सगळ्यांचे मोबाईल बाहेर, स्टिल्स नाहीत, फुटेजची एकच हार्ड डिस्क आणि एक बॅकअप, फायनल एडिट ताईंनी बघून सही केल्याशिवाय बाहेर जाणार नाही, एवढं ठरवलंय. हे करारनाम्यात नीट कसं लिहायचं? शूटनंतर त्यांचं मन बदललं तर सीन काढायचा हक्क त्यांना द्यायचाय, पण एडिट लॉक झाल्यावर, म्हणजे फायनल ठरल्यावर, तो कुठवर ठेवायचा? असा करार केलेलं कोणी असेल किंवा कोणी वकील असेल तर प्लीज सांगा, शूट पुढच्या महिन्यात आहे.

एडिट: खाली एकदोघांनी पाठमोरा शॉट घ्या म्हटलंय. विचार केला होता, टेस्टही घेतली. पाठीकडून ती कुठलीही बाई वाटते. व्रण दिसला नाही तर ती आरशात काय बघतेय हेच कळत नाही.