मदत हवी आहे: क्लोद रेन्वाचे चार सिनेमे निवडायचेत, चौथ्याशी घोडं अडलंय

नमस्कार मंडळी, आमचा पुण्यात छोटासा ग्रुप आहे, पंचवीसेक जण, सोसायटीच्या हॉलमध्ये प्रोजेक्टर लावून सिनेमे बघतो. या वेळी दिग्दर्शक नको, कॅमेरामन घेऊया असं मीच पुढे होऊन म्हटलं आणि नाव दिलं क्लोद रेन्वाचं. चार रविवार, चार सिनेमे. तीन ठरलेत.

ज्यांना माहीत नाही त्यांच्यासाठी, हा १९१३ चा जन्म, चित्रकार ओग्यूस्त रेन्वाचा नातू आणि दिग्दर्शक ज्याँ रेन्वाचा पुतण्या.

पहिला 'पार्टी द कांपान्य', चाळीसच मिनिटांचा, शूट झाला १९३६ ला आणि लोकांपुढे आला थेट १९४६ ला. त्यात खाणावळीत जेवायला बसलेल्या दोघांतला एक जण उठून खिडकीची दारं ढकलतो आणि एकदम बाहेरचं ऊन, झाडं, झोपाळ्यावर उभी राहून झोके घेणारी मुलगी, आणि पुढे कॅमेरापण तिच्याबरोबर वरखाली व्हायला लागतो. त्या शूटिंगला पावसाने फार छळलं होतं, तर तोच पाऊस नदीवर पडताना घेतलाय, मी तेवढा तुकडा कितीदा मागे नेऊन पाहिलाय.

दुसरा 'द रिव्हर' (१९५१), बंगालमध्ये हुगळीकाठी टेक्निकलर या रंगीत पद्धतीत केलेला. हा तर आपल्यासाठी फारच जवळचा, कारण सुब्रत मित्र तेव्हा कोवळं पोर, त्याला युनिटमध्ये काम मिळालं नाही, नुसतं बघायची परवानगी मिळाली, तर तो रोज जाऊन लाइट कुठे ठेवलाय, कॅमेरा कुठे आहे याची चित्रं काढत बसायचा. पुढे त्यानेच 'पथेर पांचाली' शूट केला.

तिसरा चित्रकार पिकासोवरचा, दिग्दर्शक क्लुझोने केलेला (१९५६). पिकासो कागदाच्या एका बाजूने चित्र काढतो, शाई आरपार झिरपते आणि कॅमेरा पलीकडून बघतो, त्यामुळे हात दिसतच नाही, रेषा आपोआप उमटत जातात.

आता चौथा. 'बार्बारेला' (१९६८) की बाँडचा 'द स्पाय हू लव्ह्ड मी' (१९७७)? माझं मन बाँडकडे आहे. तोवर क्लोदची नजर अधू झाली होती आणि तेलवाहू जहाजाचा, म्हणजे टँकरचा सेट एवढा अवाढव्य की सेट डिझायनर केन अ‍ॅडमने गुपचूप दिग्दर्शक स्टॅन्ली कुब्रिकला लाइटिंगबद्दल सल्ला द्यायला बोलावलं. ग्रुपमधल्या एका काकांचं म्हणणं, माणसाच्या डोळ्यांनी दगा दिला तेव्हाचं काम मुद्दाम कशाला दाखवायचं, त्याचा मान राहत नाही. मला उलट वाटतं, नजर गेली तरी एवढं मोठं काम अंगावर घेतलं हे लोकांना कळायला हवं. पण काकांचं बोलणं मनातून जातही नाहीये. तुम्ही काय केलं असतं?

अजून एक. 'पार्टी'ची मराठी सबटायटल्स मी इंग्रजीवरून केलीत, कुणाला फ्रेंच येत असेल तर एकदा नजर घालाल का? विशेषतः झोपाळ्यानंतर मुलगी आईशी जे बोलते ना, गवताबद्दल, पाण्याबद्दल, झाडांबद्दल, ते माझ्याकडून फार कोरडं झालंय. पहिला शो पुढच्या रविवारी आहे, गुरुवारपर्यंत कळवलंत तर बदल करता येतील.