रानवार आधी गाव होतं का?

काल वांद्र्याला हिल रोडच्या मागे रानवारला गेलेलो, कौलारू घरं, बाहेरून लाकडी जिने, गल्लीत क्रूस, मुंबईत आहोत असं वाटेचना. हे खरंच गाव होतं का?

– हो रे, गावच. वांद्र्याच्या पाखाड्यांपैकी (म्हणजे छोट्या वस्त्यांपैकी) एक, ईस्ट इंडियन लोक, म्हणजे इथले मूळचे मराठी बोलणारे कॅथलिक, भातशेती करायचे. अख्खं वांद्रंच मुंबई पालिकेत आलं ते १९५० साली.

– माझं लहानपण तिथलंच. मे महिन्यात अंगणात मिरच्या वाळत घातलेल्या असायच्या, मग बाटली मसाला (बाटल्यांत भरून ठेवायचा ईस्ट इंडियन मसाला) कुटायला बायका यायच्या आणि सगळी गल्ली शिंकत बसायची. आता त्याच अंगणात दोन गाड्या लागतात, बघवत नाही.

– फोटो काढून ठेव, प्लीज. शेजारचं घर गेलंय आमच्या.